एकट्या साक्षीदाराचं पुस्तक

(व्याख्यानाचं शब्दांकन. बोलण्याचा ओघ शक्यतो तसाच ठेवला आहे.)

समुद्रप्रवासाच्या पुस्तकांवर बोलायचं म्हटलं की ऐकणाऱ्याच्या डोळ्यांसमोर आधी वादळं उभी राहतात. डोंगराएवढ्या लाटा, मोडलेली डोलकाठी, शार्क, आणि शेवटी धक्क्यावर जमलेली गर्दी. यातलं बरंचसं आज येईल. पण माझा मुख्य प्रश्न जरा कोर्टकचेरीतला आहे. एक माणूस एकटा होडी घेऊन समुद्रावर जातो, आठ-दहा महिने कोणाला धड दिसत नाही, परत येतो आणि पुस्तक लिहितो. त्या पुस्तकातल्या बहुतेक प्रसंगांना दुसरा साक्षीदारच नाही. मग आपण त्याच्यावर विश्वास का ठेवतो? आणि तो ठेवावा का?

हा प्रश्न आपल्याला अगदी परका नाही. वरसईच्या विष्णुभट गोडशांचं 'माझा प्रवास' तुमच्यापैकी अनेकांनी वाचलं असेल. १८५७ च्या धामधुमीत हा भिक्षुक उत्तरेत अडकला, झाशीचा वेढा त्याने आतून पाहिला, आणि लिहिलं केव्हा? तर १८८३ च्या सुमारास, म्हणजे पंचवीस-सव्वीस वर्षांनी, आठवणीतून. ते छापून आलं १९०७ साली. तरीही वाचताना हा माणूस खरोखर तिथे होता, याबद्दल शंका येत नाही. कारण तो तोफांबद्दल सांगतो तसं दक्षिणेबद्दलही सांगतो, जेवणाखाण्याबद्दल सांगतो, कुठे लुबाडले गेलो तेही सांगतो. ज्याचं पोट त्या प्रवासाबरोबर चाललं होतं त्यालाच असला हिशेब आठवतो. एवढी गोष्ट मनात ठेवा, पुढे उपयोगी पडेल.

गोडसे भटजींबरोबर निदान त्यांचे काका होते. वाटेत माणसं भेटत होती, गावं लागत होती. समुद्रावरच्या एकट्या माणसाला तेही नाही. म्हणून आज मी एकच उदाहरण घेणार आहे: एक शर्यत, आणि तिच्यातून निघालेली तीन पुस्तकं. तोच समुद्र, जवळजवळ तेच महिने, आणि तीन माणसं. विश्वासाचा प्रश्न तपासायला याहून चांगली प्रयोगशाळा सापडणार नाही.

शर्यत

१९६७ साली फ्रान्सिस चिचेस्टर हा पासष्ट वर्षांचा गृहस्थ एकट्याने पृथ्वीप्रदक्षिणा करून इंग्लंडला परतला. वाटेत मोठा मुक्काम एकच, सिडनीला. राणीने त्याला 'सर' केलं, त्याच्या प्रवासाचं पुस्तक आलं, देशभर कौतुक झालं. आता करण्यासारखी एकच गोष्ट उरली होती: कुठेही न थांबता, कोणाचीही मदत न घेता, एकट्याने पूर्ण फेरी. काही जण आपापल्या परीने तयारीला लागलेच होते. हे पाहून लंडनच्या 'संडे टाइम्स'ने मार्च १९६८ मध्ये शर्यत जाहीर केली, 'गोल्डन ग्लोब'. १ जून ते ३१ ऑक्टोबरच्या दरम्यान निघायचं. सगळ्यात आधी परत येईल त्याला सोनेरी गोल, आणि सगळ्यात कमी दिवसांत फेरी पूर्ण करील त्याला पाच हजार पौंड. पात्रतेची परीक्षा नाही, होडीची तपासणी नाही.

नऊ जण निघाले. फेरी पूर्ण करून परत आला एक.

यातल्या नियमांकडे नीट बघा. शर्यत भरवणारा खलाशांचा क्लब नव्हता, वृत्तपत्र होतं. वृत्तपत्राला दर रविवारी मजकूर लागतो. म्हणजे होड्या बंदरातून सुटायच्या आधीच त्यांच्या कहाणीची जागा पानावर आखून ठेवलेली होती. आपण ज्या तीन पुस्तकांकडे वळतोय, त्या तिन्हींवर या गोष्टीची सावली आहे.

वहीच्या तीन पानांचं माप

पहिलं पुस्तक रॉबिन नॉक्स-जॉन्स्टनचं, 'अ वर्ल्ड ऑफ माय ओन', १९६९ सालचं. हा व्यापारी जहाजांवरचा अधिकारी, वय एकोणतीस. होडीचं नाव 'सुहैली', लांबी बत्तीस फूट, म्हणजे आपल्या एसटीच्या गाडीएवढी. १४ जून १९६८ ला तो फाल्मथहून निघाला आणि २२ एप्रिल १९६९ ला तिथेच परत आला. ३१२ दिवस. मधल्या काळात संदेश पाठवायचा रेडिओ बंद पडला, टाक्यांतलं पिण्याचं पाणी खराब झालं, होडी आपोआप दिशेवर ठेवणारं यंत्र मोडलं. न्यूझीलंडचा किनारा सोडल्यानंतर चार महिन्यांहून जास्त काळ त्याची काहीच खबर नव्हती.

हे पुस्तक वाङ्मयीन नाही. वाक्यं आखूड, वर्णनं बेताची. लेखक आपल्या मनात फार खोल उतरत नाही. समीक्षकाच्या सवयीने वाचायला गेलं तर पहिल्या पन्नास पानांत आपण म्हणू, ठीक आहे, अहवाल आहे. मग एक जागा येते. बॅटऱ्या चार्ज करायचं इंजिन चालेना. मॅग्नेटोमधली फट ठरावीक मापाची ठेवायची होती, इंचाच्या हजार भागांपैकी बारा ते पंधरा. गॅरेजमध्ये त्यासाठी पातळ पट्ट्यांचं फिलर गेज असतं. होडीवर ते नव्हतं. तर या माणसाने काय करावं? त्याने आपल्या रोजनिशीची पानं मोजली. दोनशे पानांची जाडी एक इंच भरली, म्हणजे एक पान इंचाच्या हजार भागांपैकी पाच भाग. तीन पानं घातली की पंधरा. झालं काम.

ज्या वहीत तो आपली कहाणी लिहीत होता तिचीच पानं त्याने माप म्हणून वापरली. हे त्याने रूपक म्हणून सांगितलेलं नाही. त्याला फट मोजायची होती, एवढंच. पण आपण वाचकांनी इथे थांबावं असं मला वाटतं. असा प्रसंग घरी बसून कोणाला सुचत नाही. कल्पनेने वादळ लिहिता येतं, कारण वादळं आपण सगळ्यांनी पुस्तकांत आणि पडद्यावर पाहिली आहेत. मॅग्नेटोची फट आणि वहीची पानं यांची गाठ मात्र गरजच घालून देते.

दुसरी जागा त्याच्याही आधीची. प्रवासाच्या सुरुवातीलाच अटलांटिकमध्ये होडीत पाणी येऊ लागलं. पाण्याखालच्या फळ्यांचा सांधा दोन्ही बाजूंनी सुटला होता. हा माणूस समुद्रात उतरला. अंग गोरं दिसलं तर शार्क येईल म्हणून काळपट शर्ट आणि पँट घालून उतरला. श्वास धरून खाली जायचं, सांध्यात कापसाची दोरी ठोकायची, दम संपला की वर यायचं. पण श्वासभर वेळेत दोरी पक्की बसेना, खाली येईपर्यंत ती सुटलेली असायची. मग त्याने वर येऊन कापूस कॅनव्हासच्या पट्टीला शिवला, पट्टीला डांबर लावलं, तांब्याचे खिळे आधीच टोचून ठेवले, आणि ती पट्टी खाली जाऊन ठोकली. मध्येच शार्क आला. हा वर आला, बंदुकीने त्याला मारलं, आणखी कोणी येतंय का ते पाहिलं आणि परत पाण्यात उतरला.

दुसऱ्या एखाद्या लेखकाने शार्कवर प्रकरण लिहिलं असतं. नॉक्स-जॉन्स्टनला शार्कपेक्षा खिळे महत्त्वाचे वाटतात. पहिला उपाय का फसला, दुसरा का टिकला, हे तो नीट सांगतो. माझं म्हणणं असं की एकट्या साक्षीदाराची उलटतपासणी अशाच जागी होते. तिथे समुद्र हा दुसरा पक्ष असतो. काम खोटं असेल तर पाणी आत येतं. त्यामुळे दुरुस्तीच्या पानांवर लेखकाला मनासारखं लिहिता येत नाही.

पुस्तकात खटकणाऱ्या गोष्टी आहेत. हा पराक्रम ब्रिटिश माणसानेच आधी करायला हवा, फ्रेंचांनी नव्हे, असा त्याचा सूर आहे. आज तो ऐकताना थोडं हसू येतं. एकटेपणाने मनाचं काय होतं, हेही तो फारसं उघड करत नाही. पण लपवणं वेगळं आणि खोटं सांगणं वेगळं. तो संकोची आहे, खोटारडा नाही.

डॉल्फिन आणि कप्प्या

दुसरं पुस्तक याच्या अगदी उलट स्वभावाचं. बर्नार म्वातेसिए, जन्म १९२५, हनोईचा. फ्रेंच, पण वाढला आजच्या व्हिएतनाममध्ये. त्याच्या दोन होड्या आधी फुटल्या होत्या, एक हिंदी महासागरात चागोसच्या बेटांवर, दुसरी वेस्ट इंडीजमध्ये. तिसरी लोखंडी पत्र्याची, लाल रंगाची, नाव 'जोशुआ'. हे नाव जोशुआ स्लोकमचं. १८९५ ते १८९८ या काळात एकट्याने पहिली पृथ्वीप्रदक्षिणा करणारा तो खलाशी, आणि त्याचं १९०० सालचं पुस्तक म्हणजे या सगळ्या ग्रंथपरंपरेचा मूळपुरुष. म्हणजे म्वातेसिए होडीतून जात होता तसाच एका पुस्तकातूनही जात होता.

२२ ऑगस्ट १९६८ ला तो प्लिमथहून निघाला. रेडिओ त्याने घेतलाच नाही. चित्रफितीच्या रिकाम्या डब्यांत चिठ्ठ्या घालायच्या आणि जवळून जाणाऱ्या जहाजाच्या डेकवर गलोलीने मारायच्या, ही त्याची टपाल योजना. फेब्रुवारी १९६९ मध्ये केप हॉर्न ओलांडून तो अटलांटिकमध्ये आला. वेगाच्या हिशेबात त्याची बाजू चांगली भक्कम होती. आणि मग त्याने घरचा रस्ता सोडला. पुन्हा पूर्वेकडे वळला, केप टाऊनपाशी गलोलीने निरोप पाठवला की समुद्रावर मी सुखात आहे, कदाचित आत्मा वाचवण्यासाठीही जातोय, आणि दुसऱ्यांदा हिंदी महासागर, पुन्हा पॅसिफिक असं करत जून १९६९ मध्ये ताहितीला उतरला. जवळजवळ दीड फेरी. त्याचं 'द लाँग वे' हे पुस्तक मूळ फ्रेंचमध्ये १९७१ साली आलं.

या पुस्तकातला एक प्रसंग सगळे सांगतात. न्यूझीलंडच्या दक्षिणेला, स्ट्युअर्ट बेटाजवळ, डॉल्फिनांचा मोठा थवा होडीभोवती आला आणि पुन्हा पुन्हा उजवीकडे वळू लागला. एकदा, दोनदा, कितीदा तरी. त्याने होकायंत्र पाहिलं. वारा बदलला होता आणि होडी त्याच्या नकळत खडकांच्या दिशेने चालली होती. त्याने दिशा बदलली, उजवीकडे घेतली. मग एक डॉल्फिन आनंदाने उसळला, असं तो लिहितो.

यावर विश्वास ठेवायचा का? डॉल्फिनांनी वाट दाखवली याला साक्ष कोणाची? कोणाचीच नाही. भाबडा वाचक म्हणेल, अहाहा. चिकित्सक वाचक म्हणेल, थापा. मला दोघांचीही घाई नाही. प्रसंगात दोन गोष्टी आहेत. होकायंत्राचा काटा बदलला होता, ही एक. डॉल्फिनांना काही सांगायचं होतं, ही दुसरी. म्वातेसिए दोन्ही सांगतो, पण त्यांची सरमिसळ करत नाही. काटा तो आधी पाहतो, मग नवल करतो. नवल त्याचं आहे, ते त्याला ठेवू द्या. काटा आपल्या हिशेबात धरा.

शिवाय इथे पोचेपर्यंत आपण त्याचं आणखी एक प्रकरण वाचलेलं असतं. केप टाऊनजवळ एका मालवाहू जहाजाला टपाल देण्यासाठी तो फार जवळ गेला, धडक झाली आणि होडीच्या नाळेपुढे असलेला लोखंडी दांडा वाकला. तो सरळ केल्याशिवाय पुढची शिडं नीट ताणता येणार नव्हती. एकट्या माणसाने वाकलेलं लोखंड सरळ कसं करावं? कप्प्या, दोर, लाकडी दांडा, विंच यांची जुळणी तो सांगतो. आधी हातपाय गळाले होते, हेही सांगतो. दांडा सरळ झाला. जो माणूस कप्प्या-दोरांबद्दल इतका चोख आहे, त्याचं डॉल्फिनांबद्दल ऐकून घ्यायला आपण तयार होतो. त्याच्या अध्यात्माला हातांच्या कामाचा पाया आहे. नुसतं अध्यात्म असतं तर मी दहाव्या पानावर पुस्तक मिटलं असतं.

तरीही इथे एक आक्षेप नोंदवायला हवा. शर्यत सोडणं ही या पुस्तकाची सगळ्यात गाजलेली गोष्ट. बक्षीस, प्रसिद्धी, गर्दी यांना पाठ दाखवली म्हणून कित्येक पिढ्यांनी त्याला साधू मानलं. पण फ्रान्समध्ये त्याची पत्नी फ्रान्स्वाज वाट बघत होती, तिची मुलं होती. तिची बाजू तिच्या तोंडून या पुस्तकात येत नाही. एकट्या साक्षीदाराच्या पुस्तकात ही अडचण कायम राहते. समुद्राला उत्तर द्यावं लागतं, घरच्यांना द्यावं लागत नाही. आपल्याकडच्या संतचरित्रांची ज्यांना सवय आहे त्यांना हा प्रश्न नवा नाही. घर सोडणाऱ्याचं चरित्र लिहिलं जातं, मागे राहिलेल्याचं नाही.

ज्याला वाचक नको होता

तिसरं पुस्तक प्रवाशाने लिहिलेलं नाही, कारण तो परतला नाही. 'द स्ट्रेंज लास्ट व्हॉयेज ऑफ डोनाल्ड क्रोहर्स्ट', १९७०, लेखक निकोलस टॉमलिन आणि रॉन हॉल.

डोनाल्ड क्रोहर्स्टचा जन्म १९३२ सालचा, आपल्या गाझियाबादचा. वडील रेल्वेत होते. १९४७ नंतर कुटुंब इंग्लंडला गेलं. मोठेपणी त्याने इलेक्ट्रॉनिक्सचा छोटा धंदा काढला, होड्यांसाठी दिशा शोधायचं उपकरण बनवलं. धंदा डबघाईला आला. शर्यत जिंकली तर धंदा तरेल, असा हिशेब. ज्याने पैसे घातले त्याच्याशी करार असा की मोहीम फसली तर होडी क्रोहर्स्टच्या धंद्याने विकत घ्यायची, म्हणजे दिवाळंच. होडी तीन सांगाड्यांची, घाईघाईत बांधलेली, 'टिनमथ इलेक्ट्रॉन'. मुदतीचा शेवटचा दिवस ३१ ऑक्टोबर. त्याच दिवशी तो निघाला, अर्धवट तयारीने. दोन-तीन आठवड्यांतच त्याला कळून चुकलं की ही होडी दक्षिण महासागरात टिकणार नाही. पुढे गेलो तर मरण, मागे फिरलो तर दिवाळं.

मग त्याने तिसरा रस्ता काढला. डिसेंबरपासून तो रेडिओवर खोट्या जागा कळवू लागला. एका दिवसात २४३ सागरी मैल कापल्याचा विक्रमही कळवला. वर्तमानपत्रांनी तो छापला. चिचेस्टर हा जुना दर्यावर्दी, परीक्षकांचा प्रमुख. त्याला ही आकडेवारी पचेना. क्रोहर्स्ट प्रत्यक्षात अटलांटिकमध्येच घुटमळत होता. मधले महिने त्याने रेडिओ बंद ठेवला, मार्चमध्ये अर्जेंटिनाच्या किनाऱ्याला गुपचूप लागून होडी दुरुस्त केली, जे नियमाने बाद ठरवणारं होतं. बेत असा की बाकीचे फेरी मारून आले की त्यांच्या मागोमाग आपणही वर सरकायचं आणि शेवटी पोचायचं.

शेवटी. हा शब्द महत्त्वाचा. जिंकणाऱ्याची लॉगबुकं बारकाईने तपासली जाणार, मागून येणाऱ्याची कोण कशाला तपासतंय? साहित्याच्या इतिहासात वाचक मिळत नाही म्हणून रडणारे लेखक पुष्कळ. आपल्याला वाचक मिळू नये म्हणून धडपडणारा लेखक हा एक. आणि त्यातला क्रूर विनोद बघा. न केलेल्या प्रवासाचं लॉगबुक लिहिणं प्रवासापेक्षा अवघड असतं. खरा खलाशी सूर्याची उंची मोजतो आणि त्यावरून आपली जागा काढतो. खोट्याला आधी जागा ठरवून तिथे, त्या वेळी, सूर्य कुठे दिसला असता ते उलट्या गणिताने काढावं लागतं. क्रोहर्स्ट हुशार होता, गणितात तरबेज होता. त्याची ती गणितं होडीवर सापडली.

पण नायजेल टेटली नावाचा दुसरा स्पर्धक पुढे होता. क्रोहर्स्ट मागून येतोय या समजुतीने त्याने आपली मोडकळीला आलेली होडी ताणली आणि मे १९६९ मध्ये ती बुडाली. टेटली वाचला, पण आता वेगाचं बक्षीस क्रोहर्स्टच्याच गळ्यात पडणार होतं. रेडिओवरून अभिनंदनाच्या, स्वागताच्या तयारीच्या बातम्या येऊ लागल्या. ज्याला वाचक नको होता त्याच्यासाठी अख्खा देश चष्मा पुसून बसला होता. जूनच्या अखेरीस त्याने वहीत काळ, देव, मनुष्य यांवर हजारो शब्द लिहिले. शेवटची नोंद १ जुलैची. १० जुलैला होडी अटलांटिकमध्ये सापडली, रिकामी.

टॉमलिन आणि हॉल यांनी त्या वह्या वाचल्या. हे पुस्तक म्हणजे खरं तर समीक्षाच आहे. एका संहितेचं, ओळीओळीने केलेलं वाचन. कुठे नोंद थांबते, कुठे अक्षर बदलतं, कुठे एक आकडा दुसऱ्याशी जुळत नाही. गंमत अशी की खोटेपणा उघड झाला तो खऱ्या नोंदींमुळे. क्रोहर्स्टने आपल्या खऱ्या जागांच्या नोंदीही ठेवल्या होत्या आणि त्या होडीवरच सोडल्या. नष्ट करायला त्याच्याकडे समुद्र पडला होता. केल्या नाहीत. त्याने असं का केलं, याचं उत्तर कोणी देऊ शकत नाही. पण शेवटी त्यालाही वाचला जायचं होतं, खरं वाचला जायचं होतं, असं मला वाटतं. हे माझं वाचन आहे, पुरावा नाही.

मात्र या पुस्तकाचे लेखक ज्या वृत्तपत्राचे पत्रकार, त्याच वृत्तपत्राने शर्यत भरवली होती. त्यांनी काम प्रामाणिकपणे केलं आहे, क्रोहर्स्टला राक्षस बनवलेलं नाही. तरी वाचताना एक प्रश्न राहतो. दर आठवड्याला रोमहर्षक मजकूर हवा, हा तगादा कोणाचा होता? पात्रतेची परीक्षा नको, हे कोणी ठरवलं? आणि तो मजकूर रविवारच्या चहाबरोबर वाचत कोण होतं? २४३ मैलांची बातमी वाचून लोक हळहळले नाहीत, खूश झाले. साहसाच्या पुस्तकांचे चाहते म्हणून आपणही त्याच रांगेत उभे आहोत. आपल्याला वादळ हवं असतं. वादळ नसेल तर पुस्तक कंटाळवाणं वाटतं. अपयशी होऊन आठव्या आठवड्यात सुखरूप परतलेल्या माणसाचं पुस्तक आपण विकत घेतो का? ते मिळालं असतं, तर कदाचित गाझियाबादमध्ये जन्मलेला तो माणूस परत फिरला असता.

नॉक्स-जॉन्स्टनने पाच हजार पौंडांचं बक्षीस क्रोहर्स्टच्या पत्नीला आणि चार मुलांना दिलं. ज्याने सांधा खरोखर बुजवला होता, त्याने न बुजवू शकलेल्याचा न्याय केला नाही.

ज्यांनी लिहिलं नाही

आता शेवटचा मुद्दा, आणि तो आपल्या दाराशी येतो. 'सुहैली' कुठे बांधली? मुंबईत. नॉक्स-जॉन्स्टन तेव्हा इथे नोकरीला होता. सागवान लाकूड, जुन्या वळणाचे कारागीर, हातहत्यारं. डिसेंबर १९६४ मध्ये नारळ फोडून ती पाण्यात सोडली. १९६५ च्या अखेरीस तो ती मुंबईहून घेऊन निघाला आणि आफ्रिकेला वळसा घालून इंग्लंडला पोचला. नावसुद्धा इकडच्याच समुद्राचं. इराणच्या आखातात अरबी खलाशी आग्नेयेच्या वाऱ्याला सुहैली म्हणतात. नऊ होड्यांतली जी एकच होडी परत आली ती मुंबईच्या सुतारांनी वाकसाने तासलेली होती.

त्या सुतारांचं पुस्तक कुठे आहे? नाही. लाकूड कसं निवडलं, कोणता सांधा कसा बसवला, हे त्यांच्या हाताला ठाऊक होतं आणि हाताबरोबर गेलं. कोकण किनाऱ्यावरचे तांडेल, बोटीवर नोकरी करणारे रत्नागिरीकडचे खलाशी, यांच्या पिढ्यान् पिढ्या समुद्रावर गेल्या. साहस त्यांनी कमी केलं नाही. लेखणी भिक्षुकाच्या हाती होती म्हणून भिक्षुकाचा प्रवास आपल्याला मिळाला. साहसी आयुष्यांची पुस्तकं वाचताना हे विसरू नये: ग्रंथालयातल्या त्या कपाटात साहसी माणसं नाहीत, साहसी आणि लिहू शकणारी माणसं आहेत.

अलीकडे थोडा फरक पडला आहे. नौदलाचे कमांडर दिलीप दोंदे १९ ऑगस्ट २००९ ला मुंबईहून निघून चार मुक्काम करत १९ मे २०१० ला मुंबईला परतले. एकट्याने पृथ्वीप्रदक्षिणा करणारे ते पहिले भारतीय. ही कल्पना व्हाइस अ‍ॅडमिरल मनोहर आवटी यांची, आणि होडी 'म्हादेई', गोव्यात दिवाडी बेटावर बांधलेली. दोंदे यांनी इंग्रजीत लिहिलेल्या 'द फर्स्ट इंडियन'मध्ये होडी बांधण्याची कहाणी येते, आणि बांधणारा नावानिशी येतो: रत्नाकर दांडेकर. मला हे पुस्तक याच कारणासाठी महत्त्वाचं वाटतं. एकट्या साक्षीदाराने आपल्याबरोबर दुसऱ्या साक्षीदाराला उभं केलं आहे. २०१८ साली गोल्डन ग्लोब शर्यत पुन्हा भरली तेव्हा अभिलाष टॉमी ज्या होडीतून उतरले ती 'थुरिया', 'सुहैली'चीच प्रतिकृती, तीही गोव्यात बांधलेली. त्या वर्षी सप्टेंबरमध्ये हिंदी महासागरात तिची डोलकाठी मोडली, टॉमी जखमी झाले, त्यांना वाचवावं लागलं. पुढच्या शर्यतीत ते दुसरे आले.

तर मंडळी, अशी पुस्तकं हातात घ्याल तेव्हा वादळाचं प्रकरण आधी उघडू नका, ते कोणीही लिहील. दुरुस्तीचं पान शोधा. काय तुटलं, कशाने बांधलं, पहिल्यांदा का टिकलं नाही, हे लेखक सांगतो का बघा. मग त्याच्या डॉल्फिनांवर किती विश्वास ठेवायचा ते ठरवा. आणि होडी कोणी बांधली होती, घरी कोण थांबलं होतं, तेही शोधा. पुस्तकात नसेल तर पुस्तकाबाहेर शोधा. तुमच्यापैकी कोणाच्या घरात जुना तांडेल किंवा बोटीवर नोकरी केलेले आजोबा असतील, तर हे व्याख्यान संपल्यावर त्यांच्याजवळ बसा. पराक्रम विचारू नका. होडीत पाणी आलं तेव्हा काय केलंत, एवढंच विचारा, आणि ते सांगतील तसं, त्यांच्याच शब्दांत लिहून घ्या.

मी इथेच थांबतो. तुमचे प्रश्न असतील तर आता घेऊया.